जिम्नोपेदी म्हणजे व्यायामगीत नव्हे

प्रश्न असा आला आहे: "फ्रेंच संगीतकारांच्या चरित्रग्रंथांचा परिचय मराठीत लिहिते आहे. एरिक सातीच्या 'जिम्नोपेदी'ला कुणी 'व्यायामगीत' म्हटलेलं वाचलं. ते बरोबर आहे का? आणि साती, देब्युसी यांना संगीतकार म्हणायचं की संगीत दिग्दर्शक?"

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर आधी देऊन टाकतो. संगीतकार. संगीत दिग्दर्शक हा सिनेमाच्या धंद्यातला शब्द आहे. सातीनं 1924 साली एका मूकपटासाठी संगीत लिहिलं हे खरं, पण तेवढ्यावरून त्याला आणि त्याच्या मागोमाग देब्युसी, राव्हेल, बर्लिओझ यांना सरसकट दिग्दर्शक करून टाकणं मला ऐकवत नाही. हल्ली कार्यक्रमांच्या निवेदनांत हे सारखं कानावर येतं.

आता व्यायामगीत. हे ज्यानं लिहिलं त्यानं ती रचना ऐकलेली नाही, एवढं नक्की. जिम्नोपेदी या पियानोसाठीच्या तीन रचना. त्यातली पहिली तीन मात्रांची आहे. डावा हात पहिल्या मात्रेला खाली एकच स्वर ठेवतो, दुसऱ्या मात्रेला वर जाऊन एक मऊ स्वरगुच्छ दाबतो आणि तो तिसरी मात्रा संपेपर्यंत तसाच राहू देतो. असं चार वेळा झालं की मगच उजव्या हातातली धून येते. वर सूचना आहे 'सावकाश आणि वेदनेनं'. दुसरीला 'सावकाश आणि खिन्नपणे', तिसरीला 'सावकाश आणि गंभीरपणे'. यावर कुणी दंडबैठका काढेल का? अनुवादकाला 'जिम' दिसलं, तो तिथंच थांबला.

शब्द ग्रीक आहे. 'गिम्नोपेदिया' हा प्राचीन ग्रीसमधल्या स्पार्टा या नगरराज्याचा भर उन्हाळ्यातला वार्षिक उत्सव. मुलं, जाणती माणसं आणि म्हातारे यांचे वेगवेगळे समूह देवापुढे नाचत-गात. ग्रीक इतिहासकार झेनोफननं एक प्रसंग नोंदवला आहे. इ.स.पू. 371 मध्ये ल्युक्ट्राच्या लढाईत स्पार्टाचा दारुण पराभव झाला, ती बातमी शहरात आली तो उत्सवाचा शेवटचा दिवस होता आणि पुरुषांचा समूह गात होता. अधिकाऱ्यांना दुःख झालं, पण त्यांनी गाणं थांबवलं नाही. ते पुरं होऊ दिलं, मग मेलेल्यांची नावं त्यांच्या घरच्यांना कळवली आणि बायकांना सांगितलं, आक्रोश करू नका. सातीच्या डोक्यात हा प्रसंग होता असा पुरावा नाही. पण तो वाचल्यापासून मला ती रचना वेगळी ऐकू येते.

आता माझ्या जिव्हाळ्याचा भाग. 'गिम्नोस' म्हणजे उघडा, विवस्त्र. आणि हा 'गिम्नोस' आपल्या संस्कृत 'नग्न'चा सख्खा भाऊ आहे! लॅटिनचा 'नूदुस' आणि इंग्रजीतला 'नेकेड' ही त्याच घरातली भावंडं. ग्रीकमध्ये सुरुवातीचा न गेला कुठे, हे कोडं जुनं आहे. वर्णांची अदलाबदल झाली असं बहुतेक सांगतात, जशी आपल्याकडे नुकसानचं नुसकान होताना झाली. काहींच्या मते उच्चारायला संकोच वाटणारा शब्द, म्हणून लोकांनी तो मुद्दाम मोडून बोलायला सुरुवात केली. मला हे दुसरं पटतं. बांगडी फुटली तरी 'वाढवली' म्हणणाऱ्या आपल्या माणसांना ते समजावून सांगायला नको.

'नग्न'पासून मराठीत नागडा आला, नागवा आला, लुबाडणे या अर्थाचं नागवणे आलं. 'उघड्यापाशी नागडं गेलं, सारी रात्र हिवानं मेलं' ही म्हण त्याच गोतावळ्यातली. अलेक्झांडरबरोबर तक्षशिलेला आलेल्या ग्रीकांना तिथं विवस्त्र तपस्वी दिसले. त्यांना ग्रीकांनी 'गिम्नोसोफिस्ट' म्हणजे नागडे ज्ञानी म्हटलं. आपले तपस्वी आपल्याच शब्दाच्या ग्रीक भावाच्या नावानं युरोपात गेले!

आणि उत्तरपद? 'पेदी' हे 'पाइस' म्हणजे मूल या शब्दावरून. त्याचं नातं बरेच व्युत्पत्तीकार लॅटिन 'पुएर'शी आणि आपल्या 'पुत्र'शी जोडतात. म्हणजे पॅरिसमधल्या एका पियानोवरच्या रचनेच्या नावात नग्न आणि पुत्र दोघंही शेजारी शेजारी बसले आहेत. 'गिम्नोस'ला निःशस्त्र असाही अर्थ आहे आणि काही अभ्यासक उत्सवाच्या नावात तोच घेतात. घेवोत. उन्हाळ्यात शस्त्र नसलेली माणसं नाचली, एवढंच सांगायला कुणी उत्सवाला नाव देत नाही.

याच ओघात जिमखाना. यूल आणि बर्नेल यांच्या 1886 च्या 'हॉब्सन-जॉब्सन' या अँग्लो-इंडियन शब्दांच्या कोशात म्हटलं आहे की हा शब्द बहुधा मुंबई इलाख्यात बनवला गेला आणि त्याच्या मुळाशी 'गेंदखाना' असावा. तेव्हापासून सगळे तेच उतरवून काढतात. मला हे मान्य नाही. शब्द मुंबई इलाख्यातला असेल तर इथं खेळायला चेंडू असतो, गेंद असतो फुलांचा. दवाखाना, छापखाना, तोफखाना हा साचा तयारच होता, त्यात 'गिम्नोस'वरूनच आलेल्या जिमनॅस्टिकचं 'जिम' टाकलं की जिमखाना झाला. चेंडूचा वळसा कशाला घ्यायचा? माझं म्हणणं धरलं, तर 'मी जिमखान्यावर राहतो' म्हणणारा पुणेकरसुद्धा रोज 'नग्न'च्या त्या ग्रीक भावाचं नाव घेतो.

आणखी एक चूक खोडायची आहे, कारण ती तुमच्या परिचयात शिरण्याची भीती आहे. 'जिम्नोपेदी' हा शब्द सातीनं स्वतः बनवला असं सर्रास लिहिलं जातं. साफ खोटं. तत्त्वज्ञ रूसोच्या 1768 च्या संगीतकोशात हा शब्द नोंदलेला आहे: स्पार्टाच्या तरुण मुली ज्यावर विवस्त्र नाचत ते गाणं. मुली ही रूसोची चूक, पण शब्द होता. सातीच्या मित्राच्या, कोन्तामीन द लातूरच्या, एका कवितेतही तो आहे आणि 1888 साली पहिली जिम्नोपेदी छापली तेव्हा त्या कवितेच्या ओळी सोबत होत्या. सातीनं बनवलेला शब्द 'ग्नोसिएन' आहे, त्याच्या दुसऱ्या काही पियानो-रचनांचं नाव. तो क्रीट बेटावरच्या प्राचीन क्नोसोस शहरावरून की ज्ञानवाचक 'ग्नोसिस'वरून, यावर अजून वाद चालतो. 'ग्नोसिस' खरा मानला तर तिथं आपला 'ज्ञा' धातू निघतो, पण तो वेगळा लेख होईल.

उच्चार फ्रेंचमध्ये 'झिम्नोपेदी'च्या जवळ जातो. म्हणून झिम्म्याशी नातं लावू नका, नादाशिवाय तिथं काही नाही.

तुमच्या लेखात नाव आहे तसंच ठेवा आणि कंसात 'स्पार्टाच्या उत्सवावरून' एवढंच लिहा. क्रमांक मात्र जपून द्या. देब्युसीनं यातल्या दोन रचना वाद्यवृंदासाठी बांधल्या, तेव्हा क्रम उलटा केला. त्याची पहिली ती सातीची तिसरी, आणि त्याची दुसरी ती सातीची पहिली. सातीची दुसरी त्यानं घेतलीच नाही.