तारीख टळली तरी धास्ती का जात नाही?

"जग बुडणार म्हणून पोरगं अभ्यासच करीना, सर. तुम्ही त्याला एकदा समजावून सांगा." पालकांची अपेक्षा असते की समुपदेशक भविष्य खोटं पाडून दाखवील आणि मूल उठून पुस्तक उघडील. पण खोटं पाडणं हा उपचारातला सगळ्यात छोटा भाग असतो, आणि कधीकधी तोच अंगाशी येतो.

ही केस औसा तालुक्यातल्या एका मुलाची. ओळख पटू नये म्हणून तपशील बदलले आहेत. लातुरात खोली करून राहायचं, दुसऱ्यांदा 'नीट' ही वैद्यकीय प्रवेश परीक्षा द्यायची. एका रीलमध्ये त्यानं ऐकलं, 'सातवी घंटा वाजेल आणि काळ थांबेल.' खाली एप्रिलमधली एक तारीख, मागं 10 जुलै 2024 ला हिंगोली-नांदेड भागात जाणवलेल्या 4.5 तीव्रतेच्या भूकंपाच्या बातमीची क्लिप. तेव्हापासून झोप उडालेली, चाचणीचे गुण घसरलेले आणि रोज रात्री गावाकडं फोन, "पप्पा, आज बाहेर झोपा."

यावर हसून चालत नाही. आजी 30 सप्टेंबर 1993 च्या पहाटेच्या भूकंपातून वाचलेली, आणि ती रात्र घरात शंभरदा सांगून झालेली. किल्लारीच्या टापूत जमीन हलायची भीती कुणी खुळ्यात काढत नाही.

पहिल्या भेटीत भविष्यावर चर्चा करायची नाही. आधी हे आजारपण कुठलं ते बघायचं. आवाज ऐकू येतात का? हा संदेश खास आपल्यालाच आला असं वाटतं का? रात्रच्या रात्र जागूनही थकवा नाही असं होतं का? वस्तू वाटून टाकणं, मरणाची भाषा? यातलं एकही 'हो' आलं तर थेट मनोविकारतज्ज्ञ. जिल्ह्याच्या शासकीय रुग्णालयात चौकशी करावी, नाहीतर टेलि-मानस या सरकारी मानसिक आरोग्य सेवेचा 14416 हा मोफत क्रमांक चोवीस तास चालू असतो, मराठीतही बोलतात. या मुलाच्या बाबतीत तसं काही नव्हतं. 'किती खरं वाटतं, शंभरपैकी?' याचं उत्तर दुपारी 30 आणि रात्री एक वाजता 85. पक्क्या भ्रमात आकडा सहसा असा घड्याळाप्रमाणं खालीवर होत नाही. ही चिंता होती.

मग वही. चार रकाने: वेळ, काय तपासलं, तेव्हाची भीती दहापैकी, अर्ध्या तासानंतरची भीती. रीलखालच्या कमेंट, भूकंपाचं ॲप, घरी फोन असं सगळं मिळून दिवसाला चाळीसच्या वर नोंदी निघाल्या. भीती 8 वरून 4 वर यायची आणि अर्ध्या तासात परत 8. जगात कुठं ना कुठं रोज लहान धक्के बसतातच, त्यामुळं ॲप उघडलं की पुरावा हजर.

त्यानं स्वतः शोध घेतला तेव्हा ती भविष्यवाणी एका व्हिडिओ गेममधल्या पात्राच्या तोंडची निघाली. घरच्यांना वाटलं, संपलं. दोन दिवस 'किती खरं वाटतं'चा आकडा 20. तिसऱ्या दिवशी नवं रील, 'गेमवाल्यांनी हे जुन्या पोथीतून उचललंय.' पुरावा हाही दिलासाच, आणि दिलाशाची नशा उतरते. वडिलांचं तर वेगळंच, तेही 'कलियुग संपत आलंय'चे मेसेज पुढं ढकलायचे. त्यांना पंचांगातलाच हिशोब दाखवला: कलियुग 4,32,000 वर्षांचं, त्यातली पाच हजारांवर काही गेलेली. वडील हसले. मुलावर काडीचा परिणाम नाही.

परिणाम झाला तो तपासणं कमी केल्यानं. एकदम बंद केलं तर मूल चोरून बघतं, म्हणून आधी सकाळी 8, दुपारी 2, संध्याकाळी 6 अशा तीनच वेळा, पुढच्या आठवड्यात एकदा, मग नाही. संध्याकाळी साडेसहाला वीस मिनिटं काळजीची, तीही लिहून. एरवी मनात आलं की 'साडेसहाला' म्हणायचं. साडेनऊनंतर फोन रूममेटच्या कपाटात, उठायला साधं गजराचं घड्याळ. वीसेक मिनिटांत झोप नाही लागली तर अंथरुणावरून उठून बसायचं, उठायची वेळ मात्र सहाच.

घरच्यांना एक वाक्य दिलं, "याचं उत्तर तुला दिलंय. जेवलास का ते सांग." आईला ते निष्ठुर वाटलं आणि एका रात्री ती विरघळलीच, "न्हाई रे सोन्या, काही होत नसतंय." दुसऱ्या दिवशी फोन दुप्पट. कधी मिळणारं, कधी न मिळणारं उत्तर माणूस जास्त चिकाटीनं मागतो.

आजीनं मात्र न शिकवता नेमकं बोलून दाखवलं. "बासष्टला अष्टग्रहीत बी जग बुडणार व्हतं. मग ती स्कायलॅब पडणार व्हती. अन् त्र्याण्णवला खरंच आलं, त्याची तारीख कुणी सांगितली व्हती का?"

प्रलयाची तारीख आणि परीक्षा यांत जेमतेम दोन आठवडे होते. "समज, जग राहिलं. मग?" असं विचारल्यावर तो बराच वेळ बोटं मोडत बसला. "मग निकाल लागंल, सर." क्लासची फी कर्ज काढून भरलेली, आणि ती रक्कम त्याला माहीत नाही असा घरच्यांचा समज. त्याला रुपयापर्यंत माहीत होती. यानंतरच्या भेटी या कर्जाच्याच झाल्या. नापास झाल्यास काय, हे वडिलांनी त्याच्यासमोर बोलायचं ठरलं: हप्ते कोण फेडणार, सीईटीतून कृषीला जायचं का, तिसरा प्रयत्न नाही. 'तू टेन्शन घेऊ नको' हे वाक्य बंद.

त्या तारखेआधी त्याच्याकडून लिहून घेतलं: नेमकं काय होणार, किती वाजेपर्यंत, आणि तारीख पुढं ढकलली गेली तर मी काय समजणार. हे आधी न लिहिल्यास रीलवाले तारीख बदलतात आणि मूल मागं फरफटतं. त्या दिवशी गावी यायचं नाही, वेगळी पूजा नाही. नाहीतर मन म्हणतं, घरी आलो म्हणून वाचलो. सकाळी नेहमीसारखी चाचणी. झोप अर्धवट झाली होती, पेपर पूर्ण दिला.

पंधरवड्यात नवं रील आलं, तारीख जूनची. त्यानं दोनदा बघितलं, वहीत नोंद केली आणि पुढच्या भेटीत आधी कृषीच्या प्रवेशाचं विचारलं.