‘इंटर’ने सुरू होणारे भाषेविषयीचे इंग्रजी शब्द लक्षात कसे ठेवायचे?

तुम्ही लिहिलंय की एम.ए.च्या भाषाविज्ञानाच्या पेपरात इंटरजेक्शन, इंटरलोक्युटर, इंटरव्होकॅलिक, इंटरफिअरन्स, इंटरलँग्वेज हे शब्द सारखे भेटतात आणि व्याख्या पाठ करूनही ऐनवेळी त्यांची गल्लत होते. मी बरीच वर्षं पदवीच्या मुलांना इंग्रजी शिकवतोय. माझं सांगणं असं की व्याख्या जरा बाजूला ठेवा आणि प्रत्येक शब्दाला एकच प्रश्न विचारा : कशाच्या आणि कशाच्या मधे?

लॅटिनमधला हा ‘इंटर’ आपल्याला परका नाही. तो आणि संस्कृतातला ‘अंतर्’ एकाच मुळातून आलेत. मराठीत ‘अंतर्गत’, ‘अंतर्मन’ म्हटलं की ‘आत’ हा अर्थ पुढे येतो. ‘आंतरराष्ट्रीय’, ‘आंतरजातीय’ म्हटलं की ‘दोहोंमधला’. तेव्हा इंग्रजी ‘इंटर’ दिसला की मनात ‘आंतर’ म्हणायचं. ‘आत’साठी इंग्रजीत ‘इंट्रा’ आहे.

इंटरजेक्शन म्हणजे शब्दशः ‘मधे फेकलेलं’. बोलण्याच्या ओघात मधेच टाकलेलं अबब, अरेरे, शाब्बास. आपल्या व्याकरणात हे केवलप्रयोगी अव्यय. लॅटिन नाव हा शब्द कुठे पडतो ते सांगतं. मराठी नाव सांगतं की तो नुसताच येतो, वाक्याशी त्याचं व्याकरणाचं नातं नाही. मला आपलं नाव अधिक नेमकं वाटतं. इंटरडेंटल म्हणजे वरच्या आणि खालच्या दातांमधे जीभ आणून काढलेला ध्वनी, ‘थिंक’च्या सुरुवातीचा. आपल्या ‘थ’ला जीभ वरच्या दातांच्या मागे टेकते, बाहेर डोकावत नाही. इंटरलोक्युटर म्हणजे संभाषणातला कोणीही भागीदार. मात्र 2010 साली काश्मीरसाठी दिलीप पाडगावकर, राधा कुमार आणि एम. एम. अन्सारी यांना नेमलं, तेव्हा हाच शब्द दोन पक्षांमधे बोलणी करणाऱ्यांसाठी वापरला गेला.

इंटरव्होकॅलिक या शब्दापाशी मात्र थोडं थांबा, कारण त्यात आपल्या भाषेचा इतिहास आहे. दोन स्वरांच्या मधे सापडलेलं व्यंजन, एवढाच त्याचा अर्थ. पण अशी व्यंजनं फार लवकर झिजतात आणि जिच्यातून मराठी आली ती महाराष्ट्री प्राकृत तर त्यासाठी प्रसिद्धच आहे. संस्कृत ‘सूची’तला ‘च’ दोन स्वरांमधे होता, तो गळाला आणि आपल्या हातात ‘सुई’ आली. ‘पाद’मधला ‘द’ गेला आणि ‘पाय’ राहिला. शब्दाच्या सुरुवातीचे ‘स’ आणि ‘प’ मात्र शाबूत आहेत. ही दोन उदाहरणं लिहिलीत तर व्याख्या वेगळी लिहावी लागणार नाही.

आता सगळ्यात जास्त गोंधळ होतो ती जोडी, इंटरफिअरन्स आणि इंटरलँग्वेज. इंटरफिअरन्स हा शब्द भाषाशास्त्रज्ञ उरिएल वाइनराइख यांच्या 1953च्या पुस्तकामुळे या अभ्यासात रुजला : दोन भाषा वापरणाऱ्याच्या बोलण्यात एका भाषेची वळणं दुसरीत शिरणं. ‘माझं डोकं दुखतंय’ मनात ठेवून मुलगा ‘माय हेड इज पेनिंग’ म्हणतो, ते हे. पण तोच मुलगा ‘गोड्’ म्हणतो, ‘वेंट’ऐवजी ‘गो’ला ‘ईडी’ लावतो, तेव्हा ती चूक मराठीतून आलेली नसते. मराठीत असं काही नाहीच. त्याने इंग्रजीचा नियम स्वतः ओळखला आणि जरा जास्त लांब नेला.

म्हणजे त्याच्या डोक्यात एक तिसरी व्यवस्था तयार झालेली असते, ना धड मराठी ना धड इंग्रजी, पण स्वतःचे नियम असलेली. भाषाशास्त्रज्ञ लॅरी सेलिंकर यांनी 1972 साली तिला इंटरलँग्वेज म्हटलं. त्याआधी 1967 साली पिट कॉर्डर यांनी मांडलं होतं की शिकणाऱ्याच्या चुका हा तो कसा शिकतोय याचा पुरावा असतो. हे वाचल्यापासून मी वह्या वेगळ्या नजरेने तपासतो. ‘गोड्’वर लाल काट मारण्याआधी त्या मुलाला विचारतो की हे कसं सुचलं, आणि बहुतेक वेळा तो मला नियम सांगतो! अशी व्यवस्था कधीकधी मधेच गोठते, वर्षानुवर्षं इंग्रजी बोलूनही तीच चूक राहते. सेलिंकर यांनी त्याला फॉसिलायझेशन, म्हणजे जीवाश्म होणं, असं नाव दिलं. या भागावर प्रश्न हमखास येतो, तो नीट करा.

आणि इंटरलँग्वेज लिहिताना चुकून इंटरलिंग्वा लिहू नका. ती 1951 साली प्रसिद्ध झालेली कृत्रिम भाषा आहे, निरनिराळ्या देशांच्या लोकांमधे वापरायला मुख्यतः लॅटिनच्या घरातल्या शब्दांतून बनवलेली.