सगळे व्यवहार फक्त आवाजावर चालतात अशा काल्पनिक जगात अर्थतज्ज्ञाचं आयुष्य कसं असेल?

काल्पनिक कशाला? मी जन्मांध आहे, जन्मापासून तिथेच राहतो आणि गेली अठरा वर्षं तिथूनच अकरावी-बारावीला अर्थशास्त्र शिकवतो.

तुम्ही लिहिलंय की हे कादंबरीसाठी हवंय आणि तिथलं चलन 'सूर' असणार आहे. ते आधी खोडा. जो सूर कुणीही गळ्यातून काढू शकतो तो पैसा होत नाही, पहिल्याच दिवशी घरोघरी टांकसाळ निघेल. पूर्वी सराफ चांदीचा रुपया दगडावर वाजवून घ्यायचे. खणखणीत वाजला तरच गल्ल्यात. तसं काहीतरी शोधा, ज्याचा नाद सहजी नकलता येत नाही.

आता तुमचा अर्थतज्ज्ञ दिवसभर काय करेल? ऐकेल. कसं, ते सांगतो.

मी नववीत होतो. अंधशाळेला मे महिन्याची सुट्टी. वडील आणि नाना, म्हणजे धाकटे काका, उन्हाळ कांद्याची ट्रॉली घेऊन बाजार समितीत निघाले, मी हट्टाने बरोबर गेलो. ट्रॅक्टरच्या मडगार्डवर बसून लिलाव ऐकत होतो. पुकारणारा आणि त्याच्यामागे व्यापाऱ्यांचा घोळका एकेका ट्रॉलीपाशी थांबत पुढे सरकत होता. चार-पाच ट्रॉल्या होईतो मला माणसं ओळखू यायला लागली. एक घोगरा, तोंडात तंबाखूचा तोबरा. एक पातळ आवाजाचा, तो पुकारणाऱ्याचा आकडा कधी पुरा होऊ द्यायचा नाही. तिसरा चपला घासत चालायचा आणि दर वेळी शेवटी पाच रुपये वर चढवायचा.

आमच्या पुढची ट्रॉली तीनशे ऐंशीला गेली. मग आमची. कुणीतरी ओंजळभर कांदे उचलून परत टाकले, टरफलं सळसळली. घोगरा म्हणाला, दोनशे नव्वद. पातळ आवाजवाला म्हणाला, तीनशे. पण सावकाश, पुकारणाऱ्याने आकडा दोनदा म्हटल्यावर. चपलावाला तिथेच होता, त्याचे पाय ऐकू येत होते. तोंडातून शब्द नाही. तीनशेला तुटली.

नाना म्हणाले, "भाऊ, माल ओला दिसतोय, म्हणून पडला." मी म्हणालो, "नाना, त्यांचं आधीच ठरलं होतं. तिसरा बोललाच नाही." नाना म्हणाले, "तुला काय दिसलं रे त्याच्यात?" घोळक्यातले दोघं-तिघं हसले. वडील काही न बोलता काट्याकडे गेले.

पुढे एम.ए.ला सरांनी फळ्यावर आकृती काढून व्यापाऱ्यांचं संगनमत शिकवलं. मला ते मडगार्डवरच कळलं होतं. रुमालाखाली बोटं दाबून भाव ठरवायची हत्ता पद्धत एके काळी आपल्याकडे होती. तिच्याऐवजी मोठ्याने बोली लावायची सक्ती झाली ती उगाच नाही. तुमच्या नायकाला गप्प बसलेली माणसं मोजता आली पाहिजेत, बाकीचं कुणीही शिकवेल.

दुसरी गोष्ट. तिथे भाव हाकेच्या टप्प्यापुरताच एक राहील, टेकडीपलीकडे वेगळा. केरळच्या किनाऱ्यावर तारली पकडणारे मच्छीमार एका बंदरावर गिऱ्हाईक नाही म्हणून मासळी समुद्रात फेकून द्यायचे आणि काही मैलांवर मासळी मिळत नसायची. १९९७ ते २००१ दरम्यान तिथे मोबाइल आले, होडीतूनच भाव विचारता यायला लागला. अर्थतज्ज्ञ रॉबर्ट जेन्सन यांनी ते मोजलं: मच्छीमारांचा नफा सरासरी ८ टक्के वाढला आणि गिऱ्हाइकाला मासळी ४ टक्के स्वस्त पडली. निव्वळ आवाज लांब गेला म्हणून. तुमच्या कादंबरीत निरोप्यांचा धंदा सगळ्यात मोठा असणार, लिहून ठेवा.

रोजचं आयुष्य म्हणाल तर कंटाळवाणं. संगणक आकड्यांचा तक्ता एकेक घर करत मोठ्याने वाचतो आणि आलेख आला की फक्त 'ग्राफिक' म्हणून पुढे जातो. नोटा २०१६नंतर बदलल्या तेव्हा बोटांना सगळं नव्याने शिकावं लागलं. पाचशेची १५० मिलिमीटर लांब, दोनशेची १४६. चार मिलिमीटरवर तीनशे रुपयांचा फरक, मागे रिक्षावाला खोळंबलेला. रिझर्व्ह बँकेचं नोट ओळखून बोलणारं 'मनी' ॲप २०२०मध्ये आलं, पण भर गर्दीत मोबाइल काढून नोट कोण धरणार? मी पाचशेची उभी दुमडून ठेवतो.

दोन गोष्टी सांगायच्या राहिल्या. आंधळा म्हणजे तिखट कानाचा असं काही नसतं, माझ्या वर्गमित्रांत निम्मे माझ्याहून बहिरट होते. आणि त्या दिवशी ट्रॉलीचा वरचा थर थोडा ओला होता, हे वडिलांनी बारा वर्षांनी कबूल केलं. तरी ऐंशी रुपयांइतका ओला नव्हता.

नानांचं आता कृषी सेवा केंद्र आहे. गिऱ्हाइकं मोबाइलवर पैसे भरल्याचा स्क्रीनशॉट दाखवतात, तो जुना निघतो, असा त्यांना दोनदा फटका बसलाय. तेव्हापासून काउंटरवरची पेटी 'रुपये प्राप्त झाले' असं बोलल्याशिवाय ते खताच्या गोणीला हात लावू देत नाहीत. दिवाळीत गेलो होतो तेव्हा एकाला सांगत होते, "मला दाखवू नको, पेटीला बोलू दे." मी शेजारच्याच खुर्चीवर बसलो होतो. नाना जरा थांबले, मग मला विचारलं, चहा सांगू का.