आईला पारंपरिक लग्न हवे आणि मुलीला नोंदणी विवाह, काय करावे?

मुलगी सज्ञान असल्याने निर्णय तिचाच आहे. १९५४ च्या विशेष विवाह कायद्यानुसार विवाह अधिकाऱ्याकडे नोटीस दिल्यावर ३० दिवसांत वैध हरकत न आल्यास ३ साक्षीदारांसमोर विवाह होतो. आईवडिलांची संमती लागत नाही.

मात्र आमच्या सोलापुरात दरवर्षी संक्रांतीच्या आदल्या दिवशी, भोगीला, संमती कट्ट्याजवळ ग्रामदैवत सिद्धरामेश्वरांच्या योगदंडाशी (योग्याच्या काठीशी) कुंभारकन्येच्या विवाहाचा अक्षता सोहळा होतो, आणि तिथे वर्षानुवर्षे अक्षता टाकणाऱ्या माझ्या आईला लेकीच्या डोक्यावर त्या पडणार नाहीत हेच सोसवत नव्हते, हे मला फार उशिरा कळले. कुंभारकन्येनेही स्वतःच्या मनातला वर हट्टाने मागितला होता, याची मी आईला आठवण करून दिली.

सह्या करून घरी आलो, तेव्हा आईने हळदीच्या पिवळ्या बोटांनी मूठभर अक्षता आमच्यावर टाकल्या.