कंट्रोलमधला उंदीर का मेला, ते आधी बघा

तुमची पोस्ट सकाळी वाचली आणि हातातला चहा गार झाला. अकरा वर्षांपूर्वी एम.फार्म.ला असताना मी हेच, जवळजवळ याच शब्दांत, माझ्या एका सीनियरला लिहिलं होतं.

बाकीच्यांसाठी थोडक्यात: यांचे विस्टार जातीचे प्रयोगशाळेतले उंदीर आहेत, पाच गट, प्रत्येकात सहा; त्यातला एक कंट्रोल, म्हणजे तुलनेसाठी ठेवलेला, अर्क न देण्याचा गट. वनस्पतीचा अर्क 0.5 टक्के सीएमसीमध्ये (पाणी दाट करणारी पूड) कालवून 28 दिवस तोंडावाटे, घशातून पोटापर्यंत जाणाऱ्या गॅव्हेज सुईने द्यायचाय. नवव्या दिवसापर्यंत 400 मिग्रॅ/किलोच्या गटातले तीन गेले, 200च्या गटातला एक. गाइड म्हणतात अर्क विषारी आहे, डोस खाली आणा. प्रश्न असा, की नवे डोस कसे ठरवायचे?

आणि मग अगदी शेवटी, जाता जाता लिहिल्यासारखं: "कंट्रोलमधलाही एक गेला, पण तो आधीपासूनच अशक्त होता."

अहो, सगळं उत्तर त्या ओळीत आहे! कंट्रोलच्या उंदराला तुम्ही काय दिलंत? सीएमसीचं पाणी. त्याने उंदीर मरत नाही. त्याच्या पोटात अर्काचा थेंब गेला नव्हता, पण तुमची सुई मात्र त्याच्याही घशातून रोज गेली होती.

आधीच सांगते, मी व्हेट (जनावरांची डॉक्टर) नाही आणि तुमचं अ‍ॅनिमल हाउस मी पाहिलेलं नाही. तुमचा अर्क खरंच विषारी असूही शकेल. पण 2000 मिग्रॅ/किलोच्या अक्यूट टेस्टमध्ये (एकच मोठा डोस देऊन बघायची चाचणी) एकही मेला नाही असं तुम्हीच लिहिलंय. एका डोसला काही होत नाही आणि रोज दिलं की साठत जाऊन त्रास होतो, अशी औषधं असतात, नाही असं नाही. तरी पहिला संशय सुईवर घ्या, औषधाला नंतर धरा. चोर सोडून संन्याशाला फाशी देण्याचं काम मी एकदा केलंय.

उंदीर धरायचा कसा, मान सरळ कशी ठेवायची, दातांमागच्या फटीतून टाळूच्या कडेने सुई कशी सरकवायची, हे इथे लिहीत बसत नाही. ते कोणाच्या तरी शेजारी उभं राहूनच शिकायचं असतं. मी माझ्या चुकीचंच सांगते.

मी इंडेंटमध्ये (खरेदीच्या मागणीपत्रात) लिहिलं होतं: गॅव्हेज सुई, बॉल टिप (टोकाला गोळी), 18 गेज (जाडीचा आकडा), 2 इंच. दीडशे ते दोनशे ग्रॅमच्या उंदराला तेवढी बास होते. खरेदी विभागाने तीन कोटेशनं मागवली, सगळ्यात स्वस्त होतं ते उचललं, आणि चार महिन्यांनी एका साध्या प्लास्टिकच्या पिशवीत सहा सुया आल्या. कंपनीचं नाव कुठेच नाही, लांबी 3 इंच. मी तक्रार घेऊन गेले तर टेबलावरचे गृहस्थ म्हणाले, "मॅडम, दोनच्या जागी तीन इंच, तेही त्याच पैशात. जास्तच दिलंय की, कमी तर नाही ना?" परत करायचं तर माल तपासून नाकारल्याचा फॉर्म लागत होता, आणि माल चांगल्या स्थितीत मिळाल्याची सही मी पिशवी न उघडताच करून बसले होते. ही सही तुम्ही करू नका. पिशवी फोडा, पट्टी लावून मोजा, मग पेन काढा. (या विभागावर अजून खूप लिहिता येईल. रक्तदाब वाढतो, म्हणून थांबते.)

सायनॉप्सिसची तारीख डोक्यावर होती, म्हणून त्याच सुया वापरायला घेतल्या. आमच्याकडे शिकवलं होतं, "हबपर्यंत जाऊ दे, म्हणजे पोटात पोचली." (हब म्हणजे सुईचं सिरिंजला जोडायचं मागचं टोक.) दोन इंची सुईसाठी तो सल्ला कदाचित चालून गेला असता. तीन इंची सुई 160 ग्रॅमच्या उंदरात हबपर्यंत घातली की काय होतं, याचा विचार मी केलाच नाही. टोक गोल आहे, बोथट आहे, मग टोचणार कसं?

या एका समजुतीने माझं सगळ्यात जास्त नुकसान केलं. बोथट म्हणजे निर्धोक नव्हे. चेहऱ्यात फिलर भरायच्या कॅन्युला (पोकळ नळ्या) बोथट असतात, डोळ्याच्या ऑपरेशनमधल्या कित्येक कॅन्युला बोथट असतात. त्याने धोका कमी होतो, जात नाही. अन्ननलिकेची भिंत पातळ, त्यात जनावर वळवळतंय आणि मागून आपण दाबतोय, अशा वेळी गोल टोकही आरपार जातं. त्यातून टोक खरंच गोल असेल तर, कारण माझं नव्हतं.

सातव्या दिवसापासून उंदीर जायला लागले. 400च्या गटात तीन, 200मध्ये एक, कंट्रोलमध्ये एक. आता गंमत बघा. आकडे असे पायरीपायरीने वाढले की कोणीही म्हणेल डोसचा परिणाम. मीही म्हटलं, गाइडनेही म्हटलं. पण प्रत्येक गटाला मी किलोला 10 मिलि याच मापाने देत होते, म्हणजे 160 ग्रॅमच्या उंदराला 1.6 मिलि. त्यामुळे 100च्या गटाचं सस्पेन्शन (न विरघळता कालवलेला अर्क) मिलिलीटरला 10 मिग्रॅ, तर 400च्या गटाचं 40 मिग्रॅ. ते जवळजवळ पिठल्यासारखं होतं. 18 गेजच्या सुईचं आतलं भोक 0.84 मिलिमीटर. त्यातून ते घट्ट द्रव उतरेना, मी अंगठ्याने जोर लावायची, सुई जास्त वेळ घशात राहायची, उंदीर धडपडायचा. शिवाय हा गट नेहमी शेवटी, अकराच्या सुमारास, हात दमल्यावर. डोस वाढत होता तशी माझ्या हाताची चूकही वाढत होती. तक्त्यात दोन्ही सारखंच दिसतं.

आणि कंट्रोलचा उंदीर? त्याच्यापुढे मी वहीत लिहिलं, "नैसर्गिक मृत्यू." आठ आठवड्यांचा धडधाकट उंदीर! अजून ती वही माझ्याकडे आहे.

मेलेल्यांतला एकही मी उघडून पाहिला नाही. जैविक कचऱ्याच्या पिवळ्या पिशवीत घातले आणि डोस कमी करण्याचं गणित करत बसले. माझी खरी चूक ही. सुई चुकीची येणं माझ्या हातात नव्हतं, हे होतं.

सहावा गेला त्या दिवशी मी पिशवी शोधत होते, तेव्हा आमच्या अ‍ॅनिमल हाउसचे मामा म्हणाले, "मॅडम, एकदा बघून तरी घ्या, काय झालंय ते." पदवी नाही, पण तीस वर्षं जनावरं सांभाळलेला माणूस. त्यांनीच ट्रे आणला. छाती उघडली आणि फुप्फुसांच्या बाहेर, छातीच्या पोकळीत, हिरवट काळा लगदा. माझा अर्क. मी रोज सकाळी गाळून, कालवून, बाटलीवर नाव घालून ठेवायची तो. पोटात जायचा तो छातीत सांडला होता. अन्ननलिकेला खाली, पोटाच्या जरा वर, भोक. मामांनी काही न बोलता माझी सुई घेतली, टोक कापसाच्या बोळ्यावरून हलकेच ओढलं. कापसाचे तंतू टोकाला अडकून आले. गोळी जिथे नळीला जोडली होती तिथे झाळण्याची कड राहिली होती, डोळ्याला न दिसणारी. सहापैकी चार सुयांना तशी कड निघाली.

तेव्हापासून कापसाची ही परीक्षा मी प्रत्येक नव्या सुईला लावते, आणि जुन्यांना दर आठवड्याला, कारण उंदीर चावून चावून गोळीवर चरे पाडतात. तंतू अडकला की सुई बाद. घासून गुळगुळीत करायच्या भानगडीत पडू नका.

लांबीचं: बाहेरून, उंदराच्या नाकाच्या शेंड्यापासून छातीच्या हाडाच्या खालच्या टोकापर्यंत सुई धरा आणि तिथे मार्करने खूण करा. खुणेपुढे सुई जाता कामा नये, मग बाहेर इंचभर राहिली तरी राहू दे. दर आठवड्याला पुन्हा मोजा, 28 दिवसांत तरुण उंदीर चांगलाच वाढतो. गेजच्या आकड्यात फसू नका, आकडा मोठा तशी सुई बारीक. माऊससाठी (छोट्या जातीच्या उंदरासाठी) आलेली 20 किंवा 22 गेजची सुई "बारीक आहे, बरी" म्हणून उंदराला वापरणारे लोक मी पाहिलेत. ती लांबीला अपुरी पडते, आणि गोळी लहान असल्याने श्वासनलिकेत शिरायची भीती जास्त.

आता तुमचे कसे मेले, ते आठवून बघा. देता देता किंवा पाच-दहा मिनिटांत धाप लागून, नाकातून फेस येऊन गेले असतील तर द्रव फुप्फुसात गेलाय. एक-दोन दिवस केस पिंजारून, पाठ वाकवून कोपऱ्यात बसले, खाणं सोडलं, वजन उतरलं आणि मग गेले, तर अन्ननलिकेचा संशय घ्या. नाका-डोळ्यांभोवती लाल खपली दिसली असेल तर ते रक्त नव्हे, डोळ्यामागच्या ग्रंथीतून येणारं पॉर्फिरिन नावाचं लाल रंगद्रव्य असतं. जनावर त्रासात आहे एवढंच ते सांगतं, कसल्या त्रासात ते नाही. आणि एकाच गटातले सगळे सहाच्या सहा, सारख्याच लक्षणांनी, हळूहळू खंगत गेले तर मात्र गाइडचं बरोबर असण्याची शक्यता बरीच. हे ढोबळ आहे. शेवटचा शब्द तुमच्या व्हेटचा आणि हिस्टोपॅथॉलॉजीचा (ऊतींच्या सूक्ष्मदर्शकाखालच्या तपासणीचा).

घट्टपणावर उपाय: उंदरांसाठी ओईसीडी या आंतरराष्ट्रीय संघटनेच्या मार्गदर्शिकेत साधारण 100 ग्रॅमला 1 मिलि ही मर्यादा आहे, पाण्यातलं द्रावण असेल तर 2 मिलिपर्यंत विचार करता येतो. तुमचं सस्पेन्शन आहे, तेव्हा मनाने वाढवू नका, आधी व्हेटशी बोला. अर्क बारीक खलून मलमलीतून गाळलात तर निम्मी कटकट तिथेच संपते. सिरिंज लॉकवाली घ्या. नुसती दाबून बसवायची सिरिंज जोर लावला की सुटते आणि सगळा डोस तुमच्या एप्रनवर. काम झालं की सुईतून लगेच कोमट पाणी मारा, सीएमसी आत वाळलं की तारेनेही निघत नाही. सुईच्या टोकाला साखरेचं पाणी लावून द्यायची एक युक्ती 2010मध्ये माऊसवर करून प्रसिद्ध झाली होती. मी उंदरांवर करून पाहिली, माझे तरी शांत राहिले. पण मधुमेहाचं मॉडेल (उंदरांना मुद्दाम मधुमेह केलेला प्रयोग) असेल तर हा लाड नको.

गटांचा क्रम रोज बदला. हे मला कोणीच सांगितलं नव्हतं.

डोस खाली आणण्याबद्दल: आणू नका, निदान आत्ता नको. मी आणला होता. 50, 100, 200 केले, सस्पेन्शन पातळ झालं म्हणून मरण थोडं कमी झालं, आणि सगळ्यांना वाटलं, अर्क विषारी असल्याचं निदान बरोबर होतं. मामांनी ट्रे आणला तो या दुसऱ्या फेरीत. तोवर मंजूर जनावरं संपली होती. जादा उंदरांसाठी संस्थेच्या नैतिक समितीकडे पुन्हा अर्ज, समितीची बैठक तीन महिन्यांनी. तिथे "आधीची का मेली?" या प्रश्नावर मला उभं राहून सांगावं लागलं की मी मारली. गाइड तेव्हा खिडकीबाहेर बघत होते. तुमचे कसे आहेत माहीत नाही, पण त्यांना "सर, तुमचं चुकलं" असं म्हणू नका. "सर, कंट्रोलच्या मृत्यूचं कारण थिसिसमध्ये काय लिहू?" असं विचारा. काम होतं.

मेलेल्यांपैकी एखादा अजून फ्रीजरमध्ये असेल तर टाकू देऊ नका. गोठलेल्या शवात बारीक भोक कळेलच असं नाही, पण रंगीत अर्क छातीत सांडला असेल तर तो दिसतो. कंट्रोलचा मिळाला तर तोही उघडा. सीएमसीला रंग नसतो, तेव्हा छातीत चिकट बुळबुळीत पाणी आहे का ते बोटाने पाहा, हातमोजे घालून. आणि कापसावरून ओढलेल्या तुमच्या सुईचा जवळून काढलेला फोटो इथे टाका, हबवरचा गेजचा आकडा दिसेल असा. पिवळ्या पिशव्या न्यायला तुमच्याकडे गाडी कोणत्या वारी येते ते आजच विचारून घ्या.