स्वतःवर विनोद करू पाहणाऱ्या मुलीस

प्रिय मुली,

अनेक आशीर्वाद.

तुझे पत्र आणि सोबत पाठवलेले खारच्या ओपन माइकचे, म्हणजे नवोदितांनी काही मिनिटे एकट्याने मंचावर विनोद सांगण्याच्या कार्यक्रमाचे, चित्रीकरण, दोन्ही मिळाले. स्वतःची टिंगल केल्याखेरीज तुला माइकसमोर बोलताच येत नाही, हे लेखनाचे दुबळेपण आहे का, आणि असल्यास तो सगळा भागच टाकून द्यावा का, असे तू विचारले आहेस. टाकून देऊ नकोस. स्वतःला हास्याचा विषय करणे ही आपल्याकडची फार जुनी रीत आहे. भरताच्या नाट्यशास्त्रात विदूषक ठेंगणा, दात पुढे आलेला, कुबडा, टकला आणि पिंगट डोळ्यांचा सांगितला आहे, आणि असे रूप घेऊन वावरणारा हा माणूस संस्कृत नाटकांत राजाचा सर्वांत जवळचा सोबती असतो. जे बोलण्याची दरबारात कोणाची छाती होत नाही ते तो खाण्यापिण्याच्या गप्पांत सहज बोलून जातो. तेव्हा तू निवडलेली वाट योग्यच आहे. मला खटकले ते वेगळे आहे. तुझ्या पाच मिनिटांत तुझे दोष पुष्कळ ऐकू येतात, पण ते दोष घेऊन जगणारी, कशाच्या तरी मागे लागलेली बाई मात्र दिसत नाही.

तू आधी रंगावर बोललीस, मग वजनावर, मग मराठी माध्यमातल्या इंग्रजीवर आणि शेवटी मोडलेल्या लग्नाच्या बोलण्यांवर. प्रत्येक ठिकाणी हशा आला, हे खरे आहे. पण चौथ्या विषयापर्यंत तो आखूड होत गेला, आणि लग्नाच्या भागात पुढच्या रांगेतली एक मुलगी हसण्याऐवजी तुझ्याकडे काळजीने पाहू लागली, हे चित्रीकरणात स्पष्ट दिसते. स्वतःवरच्या विनोदाचा खरा शत्रू शांतता नसून कीव असते. प्रेक्षकाला एकदा का वाटले की ही मुलगी खरोखर दुखावलेली आहे, की त्याला हसण्याची लाज वाटते, आणि मग तुझी ओळ कितीही चांगली असली तरी तो हसत नाही.

आता त्याच पाच मिनिटांतल्या उत्तम भागाकडे येते. नरिमन पॉइंटच्या कचेरीत तू मुलाखतीला गेलीस, समोरचे साहेब साताऱ्याकडचे आहेत हे तुला त्यांच्या उच्चारांवरून पहिल्या मिनिटात कळले, तू मराठी आहेस हे त्यांनाही कळले, आणि तरीही तुम्ही दोघांनी वीस मिनिटे एकमेकांना इंग्रजीत छळले. अखेर शिपायाने दार उघडून ‘साहेब, डबा आलाय’ असे म्हटले तेव्हा दोघांचाही जीव भांड्यात पडला. हा प्रसंग तू अर्ध्या मिनिटात उरकलास आणि लगेच वजनाकडे वळलीस. मला त्याची फार हळहळ वाटली, कारण संपूर्ण सेटमध्ये प्रेक्षक तुझ्या कमतरतेवर न हसता तुझ्या हट्टावर हसले ते फक्त तिथे. तुझे इंग्रजी कच्चे आहे ही माहिती झाली. ते कच्चे असूनही तू माघार घेत नाहीस, समोरच्याचेही तितकेच कच्चे आहे हे ओळखूनही माघार घेत नाहीस, आणि सुटकेचा मार्ग मराठीत समोर उभा असताना आणखी एक अवघड वाक्य सुरू करतेस, हा विनोद आहे. त्या खोलीत मुंबईतल्या निम्म्या नोकरदारांनी स्वतःला पाहिले असेल. या प्रसंगाची पाच मिनिटे कर. साहेबांना कोणता शब्द सापडत नव्हता, तू त्यांना तो पुरवलास का, पुरवलेला शब्द चुकीचा होता का, आणि तरी त्यांनी तो मान्य केला का, हे सगळे मला ऐकायचे आहे.

मंचावरची ‘मी’ ही घडवावी लागते, आणि ती तुझ्यापेक्षा वेगळी असू शकते, हे तुला पटावे म्हणून काही माणसांची आठवण करून देते. चिं. वि. जोशी हे पाली भाषेचे आणि बौद्ध वाङ्मयाचे अभ्यासक होते, बडोद्यात प्राध्यापक होते. पण त्यांनी प्रथमपुरुषी निवेदनासाठी निवडला तो चिमणराव, एक भित्रा, संसारात गुरफटलेला आणि तरीही स्वतःच्या शहाणपणावर अढळ विश्वास असलेला कारकून. तो विश्वास काढून घेतला तर चिमणराव केविलवाणा होईल. दादा कोंडके गिरणगावात वाढले, आणि नाडी लोंबणारी अर्धी चड्डी हा त्यांनी पडद्यावर स्वतःसाठी निवडलेला वेश होता. प्रेक्षक त्या चड्डीवर हसत असताना तो भोळा गडी गावच्या पाटलाला आणि सावकाराला शेवटी बरोबर चीत करत असे. अमेरिकेतल्या विनोदी कलाकार फिलिस डिलर यांनी 1955 मध्ये, वयाच्या 37 व्या वर्षी, घरी मुले असताना, सॅन फ्रान्सिस्कोच्या एका क्लबमधून सुरुवात केली. आपल्या कुरूपतेवर आणि बेढब शरीरावर त्या विनोद करत; प्रत्यक्षात त्यांचा बांधा चांगला होता आणि तो झाकला जावा म्हणून त्या मुद्दाम पोत्यासारखे सैल झगे घालत. ही गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते. प्रेक्षकांनी कशावर हसायचे ते त्यांनी स्वतः ठरवून, शिवून घेतले होते; ते त्यांच्या अंगावरून उतरवता येत होते.

अमेरिकेतलेच विनोदी कलाकार रॉडनी डेंजरफील्ड यांची हकिकत तुझ्या वयाच्या मुलांनी विशेष लक्षात ठेवावी अशी आहे. 1921 मध्ये जन्मलेल्या या माणसाने तरुणपणी जॅक रॉय या नावाने क्लबांत कामे केली, जमले नाही, मग बरीच वर्षे घरांच्या बाह्यभिंतींना लावायचे ॲल्युमिनियमचे पत्रे विकले, आणि चाळिशीत परत येऊन 1967 मध्ये एड सलिव्हन यांच्या दूरचित्रवाणी कार्यक्रमात नाव कमावले. परत येताना त्यांच्या हाती एकच तक्रार होती: मला कोणी मान देत नाही. बायको, डॉक्टर, बाप, कुत्रा, सगळे विनोद त्या एका तक्रारीतून निघाले, आणि लाल टाय ओढत बोलणारा तो घामाघूम माणूस मान मिळवण्याचा प्रयत्न कधीच सोडत नसे. तुझ्याजवळ आज चार तक्रारी आहेत. त्यांतली एक निवड. मला विचारशील तर ती ‘मी माघार घेत नाही’ या स्वभावाची निवड, कारण मग रंग, वजन आणि लग्न हेही हवे तेव्हा त्याच दाराने आत येऊ शकतील.

आता थोडे कसबाविषयी. 1966 मध्ये एलियट ॲरॉन्सन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी केलेला एक प्रयोग मानसशास्त्रात प्रसिद्ध आहे. विद्यार्थ्यांना प्रश्नमंजूषेत उत्तरे देणाऱ्या माणसाच्या ध्वनिफिती ऐकवल्या. एकीत तो जवळजवळ सगळी उत्तरे बरोबर देतो, दुसरीत जेमतेम तिसऱ्या हिश्शाची, आणि काही फितींच्या शेवटी त्याच्या हातून स्वतःच्या कपड्यांवर कॉफी सांडते. कॉफी सांडल्यावर हुशार माणूस ऐकणाऱ्यांना अधिक आवडला, आणि सामान्य माणूस आणखी कमी आवडला. माझ्या समजुतीप्रमाणे आपल्या कामाला हे तंतोतंत लागू पडते. तुझी चूक प्रेक्षकाला गोड वाटावी, असे हवे असेल तर तुझे बोलणे नेमके असले पाहिजे, शब्द स्पष्ट पोचले पाहिजेत आणि क्रम पक्का पाहिजे. ‘मी अगदी बावळट आहे’ हे वाक्य तू पुटपुटलीस, तर प्रेक्षक ते खरे धरतील. याच कारणासाठी एक सवय आजपासून बंद कर: ओळ पडली, म्हणजे तिला हशा आला नाही, की तू ‘सॉरी, हा जोक घरी चालला होता’ असे म्हणतेस. स्वतःवर विनोद कर, पण स्वतःच्या विनोदावर करू नकोस. तिथे तू हातातले एकमेव हत्यार खाली ठेवतेस. पडलेल्या ओळीनंतर पुढची ओळ त्याच आवाजात म्हण.

मराठीत बोलताना आणखी एक अडचण येते, जिच्याकडे इंग्रजी ऐकून तयार झालेल्या मुलांचे लक्ष जात नाही. आपले क्रियापद शेवटी येते, त्यामुळे हसू आणणारा शब्द वाक्याच्या पोटात अडकतो आणि मागे ‘होता’, ‘म्हणाले होते’, ‘झालं होतं’ असे शेपूट उरते. तू म्हणालीस, ‘तेवढ्यात साहेब डबा आलाय असं शिपाई म्हणाला होता.’ हशा ‘डबा’ या शब्दाला सुरू झाला आणि उरलेले शब्द तू त्याच्यावर टाकलेस, म्हणून तो अर्ध्यात विझला. वाक्य मोड. ‘दार उघडलं. शिपाई.’ आणि मग नुसते त्याचे बोलणे, त्याच्या आवाजात. नंतर गप्प राहा. आपल्याकडचे बतावणी करणारे, कीर्तनात आख्यान रंगवणारे बुवा आणि एकपात्री प्रयोग करणारे लोक संवादाचा इतका आधार का घेतात, याचे एक मोठे कारण मला हेच वाटते.

यानंतरचा मुद्दा मला सर्वांत जास्त काळजीचा वाटतो. वांद्रे-खारच्या त्या खोलीत तू स्वतःला ‘घाटी’ म्हणालीस आणि रात्रीतला सर्वांत मोठा हशा तिथे आला. तो हशा कोणाचा होता, याचा विचार कर. हाच शब्द दादरच्या किंवा डोंबिवलीच्या मराठी प्रेक्षकांपुढे वापरलास, तर हसणारे स्वतःलाही त्यात धरतील; पण जिथे अनेकांनी तो शब्द घरकामाच्या बाईविषयी किंवा गाडीच्या चालकाविषयी सहज वापरलेला असतो, तिथे तू त्यांना एक परवाना देऊन खाली उतरतेस. ऑस्ट्रेलियाच्या विनोदी कलाकार हॅना गॅड्सबी यांनी 2018 मध्ये सगळीकडे गाजलेल्या आपल्या प्रयोगात हीच गोष्ट मांडली: जो आधीच समाजाच्या कडेला ढकलला गेला आहे त्याने स्वतःला कमी लेखणे हे विनयाचे लक्षण राहत नाही, तो केवळ बोलू दिले जावे म्हणून स्वतःचा अपमान करून घेतो. त्यांचे आणखी एक निरीक्षण आहे की विनोदाला ताण आणि त्याची सुटका एवढे दोनच भाग पुरतात, गोष्टीला मात्र शेवटही लागतो, आणि वेदनेचा प्रसंग वर्षानुवर्षे विनोद म्हणून सांगत राहिले की त्याचा शेवट स्वतःलाही आठवेनासा होतो. मी त्यांच्याशी पूर्ण सहमत नाही, कारण चिमणरावाच्या परंपरेत वाढलेल्या मला स्वतःवरचे हसू माणसाला मोकळे करताना दिसले आहे. पण तुझ्या ‘घाटी’ला त्यांचे म्हणणे लागू पडते. त्या खोलीत तो शब्द ठेवायचाच असेल, तर तो साहेबांच्या किंवा एखाद्या बाईसाहेबांच्या तोंडी घाल आणि तू तिथे काय केलेस ते सांग.

मानसशास्त्रज्ञ रॉड मार्टिन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 2003 मध्ये विनोदाच्या चार शैली मोजण्याची प्रश्नावली तयार केली. इतरांनी आपल्याला आपले म्हणावे म्हणून स्वतःला तुडवत राहणारी शैली आणि संकटातही गंमत शोधून स्वतःला सावरणारी शैली या त्यांनी वेगळ्या धरल्या आहेत. पहिलीचा संबंध नैराश्य, चिंता आणि कमी आत्मसन्मान यांच्याशी आढळला. मंचावर दोन्ही सारख्याच दिसू शकतात, म्हणून तपासणी खाली उतरल्यावर करायची. ओळ म्हणून झाल्यावर तुला हलके वाटते, की घरी जाताना ती डोक्यात फिरत राहते? मोडलेल्या लग्नाविषयी तू लिहिले आहेस की त्या रात्री झोप लागली नाही. मग तो विषय अजून मंचासाठी तयार नाही. तो वहीत राहू दे, वाटल्यास दोन वर्षे राहू दे, आणि झोप फारच बिघडत असेल तर डॉक्टरांशी बोल. या क्षेत्रात दुःख हेच भांडवल मानण्याची जी पद्धत पडली आहे, ती मला अजिबात मान्य नाही.

आईविषयीच्या ओळी रील म्हणून टाकण्याआधी तिला ऐकव. खोलीतल्या साठ माणसांनी तुझा स्वर ऐकलेला असतो. मोबाइलवर तीस सेकंदांचा तुकडा पाहणाऱ्याने तो ऐकलेला नसतो, आणि तू स्वतःविषयी वापरलेले शब्दच उद्या अनोळखी लोक तुला उद्देशून खाली लिहितात. वजनावरची रील म्हणूनच अजून टाकू नकोस.

बाकी व्यवहाराचे तू शिकते आहेसच. चार-पाच मिनिटांच्या बिनपैशाच्या स्पॉटसाठी डोंबिवलीहून येणे, वेळ संपल्याची खूण म्हणून मागून मोबाइलचा उजेड दिसला की खरोखर थांबणे, यजमानाला धन्यवाद देणे आणि आपला स्पॉट संपल्यावर इतरांचे ऐकण्यासाठी बसणे, यातले काहीही टाळता येत नाही. बसणे मात्र परतीच्या गाडीच्या वेळेपर्यंतच. यादीत शेवटचे नाव लागत असेल तर सरळ नकार दे, तो स्पॉट पुन्हा मिळेल. आणि नोकरी इतक्यात सोडू नकोस. साहेब, शिपाई आणि डबा तुला तिथेच भेटतात.

मुलाखतीचा प्रसंग आधी बोलून ध्वनिमुद्रित कर, मग ऐकून उतरव, आणि पंधरा दिवसांत मला दोन्ही पाठव. त्यात साहेबांचे एक तरी पूर्ण इंग्रजी वाक्य असू दे, त्यांच्या उच्चारांसकट. ते मराठी प्रेक्षकांपुढे करण्यासाठी दादर-परळ भागात कुठे सोय होईल याची चौकशी मी करते आहे. तारीख ठरली की कळवीन, तोपर्यंत खारला तोच भाग ‘घाटी’ वगळून करून पाहा आणि हशा कुठे सुरू होतो ते वहीत लिहून ठेव.

कळावे.

तुझी हितचिंतक