साग तुळशीच्या कुळात कशावरून? आणि संत्र्याच्या भाऊबंदांची नाती कशी तपासायची?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: तुम्ही नागपूरला बीएस्सीच्या शेवटच्या वर्षाला आहात. वर्गात सांगितलं की साग आता तुळशीच्या कुळात धरतात, आणि कमळ व कुमुद एकसारखी दिसत असली तरी नात्यातली नाहीत. हे कशावरून ठरतं, आणि संत्र्याच्या नातलगांवर असा छोटा प्रकल्प कॉलेजात होईल का?

होईल. पण आधी कमळाचं बघू, कारण सगळी मेख तिथेच आहे.

दोन झाडं सारखी दिसतात म्हणजे ती नात्यातली, असं नसतं. ते साम्य दोघांना एकाच पूर्वजाकडून मिळालं की दोघांनी आपापलं कमावलं, हे आधी बघावं लागतं. तळ्यात राहायचं तर लांब देठ, गोल पान आणि देठात हवेच्या पोकळ्या लागणारच. त्यामुळे अशा लक्षणांवर विसंबता येत नाही. आता दोघांचे परागकण मायक्रोस्कोपखाली ठेवा. कमळाच्या कणाला तीन खाचा दिसतील, कुमुदाच्या कणाला दिसणार नाहीत. या तीन खाचांचा तळ्यात राहण्याशी काहीच संबंध नाही. आंबा, वांगं, संत्रं ज्या मोठ्या गटात येतात, त्याची ती ओळख आहे. डीएनएनेही तेच सांगितलं. कमळाचे जवळचे जिवंत नातलग काश्मीरचा चिनार आणि मॅकाडेमिया निघाले, तर वंशवृक्षात कुमुदाची फांदी सपुष्प वनस्पतींच्या अगदी सुरुवातीलाच वेगळी झालेली आहे.

सागाचं प्रकरण एवढं नाट्यमय नाही. साग आणि निर्गुडी पूर्वी घाणेरीच्या कुळात, म्हणजे व्हर्बिनेसीत होते. डीएनएच्या तपासणीत वंशवृक्षावरच्या त्यांच्या फांद्या तुळशीच्या कुळात, लॅमिएसीत जाऊन बसल्या. काटेसावरीचं वेगळं कुळ मोडून ती कापूस-भेंडीच्या माल्व्हेसीत गेली, तेही असंच. यासाठी कुठली मतदान करणारी समिती नसते. अँजिओस्पर्म फायलोजेनी ग्रुप नावाचा शास्त्रज्ञांचा गट प्रकाशित पुराव्यांवरून वर्गीकरण मांडतो. त्याची पहिली आवृत्ती १९९८ची, चौथी २०१६ची. चौथ्या आवृत्तीत ६४ गण आणि ४१६ कुळं आहेत.

आता तुमचा प्रकल्प. माझ्या मते यादी अशी धरा: संत्रा, मोसंबी, कागदी लिंबू, जंबेरी, पपनस, महाळुंग, बेल, कवठ, कुंती, कढीपत्ता. हे दहाही रुटेसीतले, म्हणजे संत्र्याच्या कुळातले. अकरावी सताप, ती बाहेरचा भिडू म्हणून. बाकीच्या दहांचं एकमेकांशी जे नातं आहे, त्यापेक्षा हा भिडू थोडा लांबचा हवा. तो नसेल तर वंशवृक्षाचं मूळ कुठे हेच कळत नाही. फार लांबचा घेतला, म्हणजे समजा गहू, तर सीक्वेन्स (डीएनएतल्या अक्षरांचे क्रम) नीट जुळत नाहीत आणि मूळ भलत्याच फांदीवर जाऊन बसतं.

पहिला धोका प्रयोगशाळेत नाही, बागेत आहे. आपल्याकडे संत्र्याचा डोळा बहुधा जंबेरीच्या खुंटावर भरलेला असतो. जोड जमिनीपासून साधारण वीतभर वर असतो आणि त्याखालून पाणसोट, म्हणजे खुंटाचेच फुटवे, फुटतात. हाताशी आहेत म्हणून त्यांचं पान तोडलंत, तर लेबलवर संत्रा आणि नळीत जंबेरी. पाणसोटाला काटे जास्त असतात, आणि पान चुरगळलं तर वास लिंबाकडे झुकतो. पान नेहमी जोडाच्या वरच्या, फळ धरलेल्या फांदीचं घ्या. दुसरं म्हणजे, नागपुरी संत्र्याच्या एका बीतून अनेक अंकुर निघतात आणि त्यातले बरेचसे आईची हुबेहूब नक्कल असतात. त्यामुळे एकाच झाडाच्या बियांची पाच रोपं घेऊन ‘पाच नमुने’ म्हणू नका.

कोवळं पण पूर्ण उघडलेलं पान घ्या, ओल्या कापसाने पुसा, तुकडे करून चहाच्या रिकाम्या पिशवीत घाला आणि पानाच्या वजनाच्या किमान दहापट सिलिका जेलमध्ये ठेवा. चोवीस तासांत पान कटकन मोडलं पाहिजे. पावसाळ्यात रंग बदलणारी सिलिका एका दिवसात रंग टाकते, तेव्हा ती लगेच बदला. मे महिन्याचं ऊन फुकट मिळतंय म्हणून पान गच्चीवर वाळवू नका. मरता मरता पानातलीच विकरं डीएनएचे तुकडे करतात. फॉर्मालिन तर मुळीच नको. त्याच फांदीचा फूल-फळासह एक नमुना दाबून हर्बेरियम शीटवर (वाळवलेला नमुना जपण्याच्या कागदावर) लावा आणि त्याचा नंबर नळीवर लिहा. उद्या कोणी म्हणालं की हे पपनस नव्हेच, तर दाखवायला हीच शीट असते.

डीएनए काढायला सीटॅब पद्धत पुरते. सीटॅब हे साबणासारखं रसायन आहे. वाळलेलं पान २० मिलिग्रॅम घ्या, जास्त नको. जास्त घेतलं की डीएनए नाही, चिकटा वाढतो. बफरमध्ये २ टक्के सीटॅब, १.४ मोलर मीठ, १०० मिलिमोलर ट्रिस, २० मिलिमोलर ईडीटीए, १ ते २ टक्के पीव्हीपी (पॉलिफिनॉल धरून ठेवणारं रसायन) आणि ऐनवेळी ०.२ टक्के मरकॅप्टोइथेनॉल. ६५ अंशांवर अर्धा ते एक तास. मग क्लोरोफॉर्म आणि आयसोअमाइल अल्कोहोल २४:१, सेंट्रीफ्यूज, वरचा थर अलगद वेगळा, त्यात सुमारे दोन तृतीयांश आयसोप्रोपॅनॉल, शेवटी ७० टक्के इथेनॉलने धुणं. मधल्या पांढऱ्या थराला पिपेटचं टोक लागलं तर पुन्हा सेंट्रीफ्यूज करा, कंटाळा करू नका. तळाशी बसलेली गोळी तपकिरी असेल तर पॉलिफिनॉल राहिलेत, तेव्हा पीव्हीपी वाढवा. बेलफळात किंवा भेंडीत असतो तसा बुळबुळीतपणा आला तर त्या पॉलिसॅकराइड आहेत. प्रकाशशोषणाच्या मोजणीत शुद्धतेचं २६०/२८० (नॅनोमीटर) गुणोत्तर १.८ च्या आसपास छान दिसतं आणि तरी पीसीआर, म्हणजे हव्या त्या डीएनए तुकड्याच्या प्रती वाढवणं, फसतं, कारण २६०/२३० कोणी बघत नाही. ते एकच्या खाली असेल तर नमुना दहापट पातळ करून लावा. बहुतेक वेळा एवढ्यानेच काम होतं.

कोणता जीन घ्यायचा? प्राण्यांत चालणारा मायटोकॉन्ड्रियाचा सीओआय इथे उपयोगी नाही, कारण वनस्पतींत तो फार हळू बदलतो. हरितलवकातले आरबीसीएल आणि मॅट-के हे जीन वनस्पती ओळखण्याचे बारकोड म्हणून २००९मध्ये सुचवले गेले. बेल विरुद्ध कढीपत्ता एवढ्या अंतरासाठी आरबीसीएल चालेल. पण संत्रा, मोसंबी आणि पपनस यांच्यात त्याचे फरक बोटांवर मोजण्याइतके निघतात, म्हणून मॅट-के आणि केंद्रकातला आयटीएस हा डीएनएचा तुकडा, हे दोन घ्या. २५ मायक्रोलिटरची पीसीआर, ३५ चक्रं, प्रायमर चिकटण्याचं तापमान ५० ते ५५ अंश. एका नळीत डीएनएऐवजी नुसतं पाणी. त्या नळीचा जेलवर पट्टा दिसला तर सगळी खेप फेकून द्या. आयटीएसची एक खोड म्हणजे पानावर बुरशी असेल तर तिचाच आयटीएस वाढून येतो. म्हणून आलेला प्रत्येक सीक्वेन्स आधी ब्लास्टवर (ज्ञात सीक्वेन्सशी ताडून बघणाऱ्या प्रोग्रामवर) टाकून तो वनस्पतीचाच आहे ना, ते बघा.

सीक्वेन्सिंगची मूळ आलेखफाइल उघडून स्वतः पाहा. सुरुवातीची तीस-चाळीस अक्षरं कचरा असतात, ती कापा. लिंबाच्या किंवा जंबेरीच्या आयटीएसमध्ये एकाच जागी दोन शिखरं दिसली तर मशीनला दोष देऊ नका. ही झाडं संकरित आहेत, आई आणि बाप दोघांची प्रत एकाच वेळी वाचली जातेय. कागदी लिंबात महाळुंगाचा वाटा आहे, जंबेरीतही आहे. मोसंबी हा पपनस आणि संत्र्याच्या मिश्रणाचा वंश आहे. लागवडीखालच्या बहुतेक संत्र्यांतही पपनसाचा थोडा अंश सापडतो.

आणि इथे हरितलवक फसवतं. सपुष्प वनस्पतींत ते बहुधा आईकडूनच येतं. मोसंबीचं हरितलवक पपनसाचं, म्हणून नुसत्या मॅट-केवर काढलेल्या वृक्षात ती पपनसाला चिकटेल आणि संत्र्याचा वाटा दिसणारच नाही. जंबेरीची आई संत्र्याच्या गटातली आणि बाप महाळुंग, म्हणून ती संत्र्याशेजारी बसेल. म्हणजे पाणसोटाचं पान चुकून घेतलं असेल तर हरितलवकाच्या वृक्षात ती चूक उघडही होणार नाही. त्यामुळे दोन्ही वृक्ष वेगवेगळे काढा आणि शेजारी ठेवा. जिथे ते भांडतात, तिथे संकर असू शकतो. घाईघाईने सगळा डेटा एकत्र जोडून एकच वृक्ष काढणं मला पटत नाही.

जुळवणीसाठी, म्हणजे सगळे सीक्वेन्स एकाखाली एक लावायला, मॅफ्ट हा प्रोग्राम वापरा, पण ती डोळ्यांनी तपासा. मॅट-के प्रथिन बनवतो, म्हणून त्यातल्या रिकाम्या जागा तीनच्या पटीत हव्यात. एकाच अक्षराची रिकामी जागा दिसली तर बहुधा वाचनातली चूक आहे. अकरा नमुन्यांचे मूळ न धरलेले वृक्ष ३,४४,५९,४२५ होऊ शकतात. त्यातला डेटाला सर्वांत जुळणारा निवडायला आयक्यू-ट्री किंवा रॅक्सएमएल हा प्रोग्राम लागतो. बूटस्ट्रॅप हजार वेळा. त्यात जुळवणीतले स्तंभ चिठ्ठ्या टाकल्यासारखे पुन्हापुन्हा उचलतात आणि एखादी फांदी किती वेळा टिकते ते मोजतात. ७० टक्क्यांखालच्या फांदीवर निष्कर्ष बांधू नका. आयक्यू-ट्रीचा जलद बूटस्ट्रॅप वापरलात तर ९५ ची रेघ धरा, कारण त्याचे आकडे जरा उदार असतात.

वृक्ष वाचताना टोकांचा वरखाली क्रम बघू नका. कोणताही सांधा फिरवला तरी नातं तेच राहतं. दोन टोकांकडून मागे जात ती कुठे मिळतात तेवढंच बघायचं. आणि कढीपत्ता तळाशी आला म्हणून तो संत्र्याचा पूर्वज ठरत नाही, तो चुलतभाऊ आहे. खरी गंमत कुंतीत आहे. जुन्या पुस्तकांत कुंती आणि कढीपत्ता दोघांचं नाव मुराया. वृक्षात मात्र कुंती संत्र्याच्या बाजूला जाते आणि कढीपत्ता वेगळ्या फांदीवर राहतो. म्हणून आता त्याला बर्गेरा म्हणतात. तुमच्या वृक्षात ही फूट आली नाही, तर आधी लेबलं तपासा.

फांद्यांना वर्षं लावायची असतील तर जीवाश्म लागतात. त्यासाठी तुम्ही चांगल्या जागी आहात. कामठीच्या खडकांत ग्लॉसोप्टेरिस या लुप्त वनस्पतीची पानं मिळतात, आणि छिंदवाड्याकडे मोहगाव कलानला साधारण साडेसहा कोटी वर्षांपूर्वीची नायपा या ताडवर्गीय झाडाची फळं. पण जीवाश्म फक्त ‘त्या काळी हे होतं’ एवढंच सांगतो, म्हणजे वयाची खालची मर्यादा. तुमच्या प्रकल्पात हे घालू नका, एका सेमिस्टरचं काम नाही.

सीक्वेन्सिंगचा खर्च झेपत नसेल तर याच जातींचे मॅट-के आणि आयटीएस जेनबँकेतून, म्हणजे सीक्वेन्सच्या खुल्या संग्रहातून, फुकट उतरवून घ्या. हर्बेरियम नमुन्याचा नंबर दिलेल्या नोंदीच निवडा, आणि कढीपत्ता शोधताना मुराया व बर्गेरा दोन्ही नावं टाका.